डुक्कर, पोर्क आणि मुंबई

मुंबईत ‘डुक्कर’ ही शिवी आहे आणि ‘पोर्क’ हा मेन्यूकार्डावरचा पदार्थ. जनावर तेच. हे खाणं बाहेरच्यांचं, असं वाटत असेल तर नाताळच्या आठवड्यात वांद्रे, मरोळ किंवा गोराईच्या गावठाणात डोकावून पाहा. घरात बोलणं मराठीतलं आणि टोपात सोरपोतेल, म्हणजे डुकराच्या मांसाचं आंबट-तिखट कालवण.

१५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाने वसई आणि मुंबईची बेटं पोर्तुगीजांना दिली. त्यानंतर इथले कोळी, कुणबी, भंडारी मोठ्या संख्येने ख्रिस्ती झाले. १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. पोर्तुगीज गेले, रांधपात मात्र त्यांची खूण राहिली. या ख्रिश्चनांचं ‘ईस्ट इंडियन’ हे नाव तर बरंच नंतरचं, १८८७ सालचं. गोवा-मंगळूरकडून नोकरीला येणाऱ्या ख्रिश्चनांहून आपण वेगळे, इथलेच, हे सांगायला ते घेतलं गेलं.

पोर्तुगीज मांस टिकवायचे ते वाइन आणि लसणात. इथे वाइनची जागा ताडीच्या शिरक्याने (व्हिनेगरने) घेतली, आणि पोर्तुगीजांनीच आणलेली मिरची त्यात पडली. सोरपोतेलसाठी मांस आणि काळीज उकडायचं, बारीक चिरायचं, त्याच्याच चरबीत परतायचं, मग मसाला आणि शिरका. त्याच दिवशी वाढलं तर अर्धी मजा गेली; मुरलेलं सोरपोतेल आणि फुगे (तळलेले गोल पाव), हा खरा बेत. शिरक्यामुळे ते फ्रिज नसतानाही टिकायचं.

पाळणाऱ्यांची बाजू इतकी खमंग नाही. महाराष्ट्रात वडार, कैकाडी अशा समाजांनी डुकरं पाळली आणि त्याबद्दल हेटाळणीही सोसली. उकिरड्यावर, उघड्या गटारांवर वाढणारं जनावर घाण समजलं गेलं. घाण करणारे आपण होतो, ते सोयीने विसरलं गेलं. डुकरातल्या फीतकृमीची भीती खरी आहे, अर्धंकच्चं मांस खाऊ नये हेही खरं. पण मेंदूत गाठी होतात त्या या कृमीची अंडी पोटात गेल्याने. ती माणसाच्या विष्ठेतून पसरतात, न धुतलेल्या भाजीवरूनही येतात. म्हणजे शाकाहारीही सुटत नाही.

महापालिकेचा देवनारचा कत्तलखाना १९७१ मध्ये सुरू झाला, तिथे डुकरांसाठी वेगळा विभाग आहे. २००९ च्या साथीत मात्र ‘स्वाइन फ्लू’ या नावानेच लोक पोर्कला बिचकले. तो आजार पसरत होता माणसाच्या खोकल्यातून.