गिलाव्याआधी घराची डिजिटल नोंद : ग्राहकांसाठी माहिती

घर बांधून झालं की भिंतीच्या आत काय आहे, हे दोन-तीन वर्षांत कुणालाच सांगता येत नाही. प्लंबर दुसऱ्या साइटवर गेलेला असतो आणि मंजूर नकाशात पाइप दाखवलेलेच नसतात. मग गीझर बदलताना ड्रिल थेट पाण्याच्या सीपीव्हीसी (प्लास्टिकच्या) पाइपात घुसतं आणि एका भोकापायी बाथरूमच्या टाइल्स काढाव्या लागतात.

यापुढे घराची माहिती घरासोबतच राहायला हवी, असं आम्हाला मनापासून वाटतं. वायरिंग, प्लंबिंग आणि पाइपांची प्रेशर टेस्ट झाली की आम्ही प्रत्येक भिंतीचे फोटो घेतो. पाइप आणि कंड्युट (वायरच्या नळ्या) जमिनीपासून व कोपऱ्यापासून किती अंतरावर आहेत, ते लेझर मीटरने मोजून त्रिमितीय आराखड्यात भरतो. मीटर बोर्डाच्या दाराला आतून क्यूआर कोड लावतो. तो मोबाइलने स्कॅन करून पासवर्ड टाकला की हवी ती भिंत आतून दिसते. गवंडी गिलाव्याला लागण्याआधी आम्हाला बोलवा. बंद भिंतीची अंदाजाने केलेली नोंद आम्ही देत नाही.

नोंदीसोबत सेन्सरही बसवता येतात, पण ते सगळीकडे बसवायची गरज नाही. हौद आणि वरची टाकी, या दोन ठिकाणी मात्र पाण्याच्या पातळीचा सेन्सर बसवाच. सोलापुरात नळाला रोज पाणी नसतं. हौद रिकामा झाल्यावर मोटार कोरडी चालली की सील जातं, कधी वाइंडिंगही जळतं. आमचा कंट्रोलर पातळी बघून मोटार बंद करतो, आणि इंटरनेट नसलं तरी करतो. ज्यांचं राहणं वरच्या मजल्यावर आहे, त्यांनी स्लॅबखाली तापमानाचा सेन्सरही लावावा. गच्चीला पांढरा उष्णतारोधक रंग दिल्यावर मे महिन्यात किती फरक पडला, ते आकड्यांत कळतं.

जुन्या माळवदाच्या घरांची, दगडी वाड्यांची नोंद लेझर स्कॅनने होते. तिथे भिंती जाड असतात, कोपरे काटकोनात नसतात, टेपने मेळ बसत नाही. पॅरिसच्या नोत्र-दाम चर्चला १५ एप्रिल २०१९ रोजी आग लागली. इतिहासकार अँड्र्यू टॅलन यांनी त्याआधीच केलेलं स्कॅन पुनर्बांधणीच्या कामी आलं. दुरुस्तीला हात घालण्याआधी वाड्याचं स्कॅन करून घ्या, ही आमची कळकळीची विनंती.

आराखडा आयएफसी या खुल्या फॉरमॅटमध्ये मिळतो, म्हणजे पुढे कोणताही इंजिनिअर तो उघडू शकेल. सोबत छापील प्रतही देतो. फाइल तुमच्या मालकीची. तुमच्या परवानगीशिवाय ती आम्ही कुणालाही दाखवत नाही. घर विकलंत तर पासवर्ड बदलून नव्या मालकाकडे देतो.