नेब्युलियम: जे मूलद्रव्य नव्हतंच

वांगणीच्या आकाशदर्शनात सातवीतला एक मुलगा मृगातला तेजोमेघ दुर्बिणीतून बघून बाजूला झाला आणि म्हणाला, "काका, हा तर करडा आहे. मोबाईलवर गुलाबी होता. खोटं कोण बोलतंय?" मागे भली मोठी रांग होती, म्हणून "कोणीच नाही" म्हणून मी त्याला पुढे सरकवलं. उरलेलं उत्तर इथे.

नजर थोडी तयार असेल तर त्या करड्यात हिरवट झाक दिसते. त्या हिरव्यानेच शास्त्रज्ञांना साठेक वर्षं छळलं.

आधी थोडी पार्श्वभूमी. फ्रान्सचा मेसिए धूमकेतू शोधायचा. धूमकेतूसारखे दिसणारे पण जागचे न हलणारे पुंजके त्याला सारखे फसवायचे, म्हणून त्याने त्यांची यादीच केली. १७८१ पर्यंत ती शंभरावर गेली. कृत्तिकांचा तारकागुच्छ, मृगातला मेघ, देवयानी दीर्घिका, सगळे एकाच पोत्यात! मग प्रश्न पडला, की हे सगळे लांबचे तारकागुच्छ आहेत, की काही खरोखरच धूसर आहेत? दुर्बीण मोठी केली की काही पुंजक्यांचे तारे सुटे व्हायचे. आयर्लंडमध्ये लॉर्ड रॉसने १८४५ मध्ये ७२ इंची दुर्बीण उभारली आणि मृगातल्या मेघातही तारे दिसल्याचं सांगितलं. पुष्कळांना वाटलं, वाद मिटला.

तो मिटवला विल्यम हगिन्सने. हा लंडनचा कापडवाला. धंदा विकून घराच्या आवारात वेधशाळा बांधली आणि ८ इंची दुर्बिणीला प्रकाशाचे रंग सुटे करून दाखवणारा वर्णपटदर्शक जोडला. २९ ऑगस्ट १८६४ च्या रात्री त्याने कालेय तारकासमूहातल्या एनजीसी ६५४३ या क्रमांकाच्या तेजोमेघाकडे दुर्बीण वळवली. हाच तो 'मांजराचा डोळा'. ताऱ्याचा प्रकाश लोलकातून गेला की सप्तरंगी पट्टी पडते. इथे पट्टीच नव्हती, फक्त एक हिरवी रेषा. लोलक हलला की काय, अशी त्याला शंका आली. नीट पाहिल्यावर शेजारी आणखी दोन फिक्या रेषा दिसल्या. सुट्या रेषा म्हणजे विरळ, तापलेला वायू. तारे नव्हेत! देवयानीचा वर्णपट मात्र सलग पट्टीचा निघाला. पोत्यातला माल वेगळा व्हायला लागला तो तेव्हापासून.

तीनपैकी एक रेषा हायड्रोजनची होती. उरलेल्या दोन, म्हणजे ५००.७ आणि ४९५.९ नॅनोमीटर तरंगलांबीच्या, कोणत्याच ज्ञात मूलद्रव्याशी जुळेनात. मग मूलद्रव्य नवीनच असणार! त्याला नाव मिळालं नेब्युलियम. हा आत्मविश्वास आला होता हेलियममुळे. तो आधी सूर्याच्या वर्णपटात दिसला आणि १८९५ मध्ये रसायनशास्त्रज्ञ रॅमसेला पृथ्वीवर सापडला. (हेलियमचा शोध १८६८ मध्ये विजयदुर्गावर लागला, अशी पोस्ट दर ऑगस्टात फिरते. हेलियमच्या शोधाशी नाव जोडलेला इंग्लंडचा खगोलशास्त्रज्ञ लॉकयर विजयदुर्गला आला होता हे खरं, पण जानेवारी १८९८ च्या ग्रहणाला. १८६८ मध्ये तो इंग्लंडातच होता आणि हेलियमची पिवळी रेषा त्याने ग्रहण नसताना टिपली. किल्ला आपलाच आहे, त्याला उसनं भूषण कशाला?)

नेब्युलियमचं नशीब तसं नव्हतं. अणुक्रमांकांचं गणित बसल्यावर आवर्तसारणीत हलक्या मूलद्रव्यांसाठी रिकामी खुर्चीच उरली नाही. १९२७ मध्ये कॅलिफोर्नियातल्या आयरा बोवेनने कोडं सोडवलं. उत्तर होतं ऑक्सिजन, दोन इलेक्ट्रॉन गमावलेला.

आता माझा आवडता भाग, जरा सावकाश वाचा. अणूला ऊर्जा मिळून तो वरच्या पातळीवर गेला, की साधारण सेकंदाच्या दहा कोटीव्या भागात खाली येतो आणि येताना प्रकाश देतो. पण काही पातळ्यांवरून उतरायला पुंजयामिकी, म्हणजे अणूंच्या जगाचे नियम, जवळजवळ मनाई करते. जवळजवळच, पूर्ण नाही. या ऑक्सिजनची अशी एक पातळी तळापासून सुमारे २.५ इलेक्ट्रॉन-व्होल्टवर (हे अणूंच्या ऊर्जेचं माप) आहे. तिथे पोचलेला अणू सरासरी अर्ध्या मिनिटाहून जास्त वेळ अडकून बसतो. आपल्या हवेत एक रेणू सेकंदाला काही अब्ज टकरा खातो. तिथे अर्धं मिनिट कोण बसू देणार? धडक देणारा ती ऊर्जा परस्पर पळवतो आणि प्रकाश निघतच नाही. प्रयोगशाळेतल्या निर्वात नळीतही तीच गत. तेजोमेघात मात्र घनसेंटिमीटरला जेमतेम काही हजार कण. अणू निवांत बसतो आणि वेळ भरली की हिरवा प्रकाश देऊन उतरतो. या रेषांना 'निषिद्ध' म्हणतात, पण त्यात सोवळं-ओवळं काही नाही.

पुरावा काय? तळाची पातळी एकसंध नाही, तिथे जवळजवळच्या तीन पायऱ्या आहेत. वरच्या एकाच पातळीवरून यातल्या दोन पायऱ्यांवर उतरलं की दोन रेषा मिळतात. अतिनील वर्णपटांवरून बोवेनला या पायऱ्यांमधलं अंतर ठाऊक होतं. हगिन्सच्या दोन रेषांमधलं अंतर त्याच्याशी तंतोतंत जुळलं. शिवाय उगम एकच असल्यामुळे पहिली रेषा दुसरीच्या तिप्पट तेजस्वी असते, तेजोमेघ कुठलाही घ्या.

आणखी एक गंमत. तेजोमेघात ऑक्सिजनचा एक अणू, तर हायड्रोजनचे दोनेक हजार. तरी हिरवी रेषा वरचढ कशी? ताऱ्याच्या अतिनील किरणांनी सुटे झालेले इलेक्ट्रॉन सरासरी एखाद्या इलेक्ट्रॉन-व्होल्ट ऊर्जेने भटकत असतात. हायड्रोजनची पहिलीच पायरी १०.२ वर, ती त्यांच्या आवाक्याबाहेर. ऑक्सिजनची २.५ ची पायरी त्यांतल्या चपळांना जमते. हायड्रोजन चमकतो तो हरवलेला इलेक्ट्रॉन परत पकडताना, आणि तेव्हा ६५६.३ नॅनोमीटरचा लाल प्रकाश भरपूर निघतो. अंधाराला सरावलेला आपला डोळा लाल रंगाला जवळपास आंधळा असतो, आणि तो सर्वांत तीक्ष्ण असतो ५०० नॅनोमीटरच्या आसपास, नेमका त्या हिरव्या रेषांपाशी. पण इतक्या मंद उजेडात त्याला रंग कळत नाहीत, म्हणून करडं दिसतं. कॅमेऱ्याला लाल दिसतो, म्हणून फोटो गुलाबी.

हौशी निरीक्षकांकडे आता 'ओ-थ्री' नावाचा फिल्टर असतो. तो या दोन हिरव्या रेषा सोडून बाकी बहुतेक प्रकाश अडवतो. आयपीसला, म्हणजे डोळा लावायच्या भिंगाला, लावला की बदलापूरकडचा उजेड मावळतो, तारे मंदावतात आणि तेजोमेघ उठून दिसतो. रांगेच्या गडबडीत त्या मुलाला तो लावून दाखवायचा राहिला.