छतावरचं पॅनेल आणि जिनेव्हातली कलमं

छतावर सौर संच बसवायचा म्हणून दोन-तीन विक्रेत्यांकडून दरपत्रकं मागवली, की बहुतेकांत दोन दर दिसतात: ‘डीसीआर’ पॅनेलचा आणि ‘नॉन-डीसीआर’ पॅनेलचा. पहिला महाग. पण पीएम सूर्यघर योजनेचं अनुदान (तीन किलोवॅटच्या संचाला 78,000 रुपये) हवं असेल, तर घ्यावं लागतं तेच. डीसीआर पॅनेल म्हणजे ज्याचे सेलही (प्रकाशाची वीज करणारे छोटे घटक) भारतात बनले आणि जुळणीही भारतात झाली असं पॅनेल. सेलच्या आतली सिलिकॉनची चकती चीनमधून आली तरी चालते. अट सेलपासून सुरू होते. ती का घातली असं विचारलं, तर विक्रेता म्हणतो, सरकारचा नियम आहे. याच धाटणीच्या नियमावरून भारत एकदा जिनेव्हात, जागतिक व्यापार संघटनेपुढे, खटला हरलेला आहे.

जानेवारी 2010 मध्ये केंद्र सरकारने जवाहरलाल नेहरू राष्ट्रीय सौर अभियान सुरू केलं. 2022 पर्यंत 20,000 मेगावॅट सौर वीज असं तेव्हाचं उद्दिष्ट होतं. सौर वीज त्या काळी फार महाग होती, त्यामुळे एनटीपीसीची एक उपकंपनी ती 25 वर्षांच्या कराराने विकत घेई, स्वस्त औष्णिक विजेत मिसळे आणि वितरण कंपन्यांना विके. प्रकल्प उभारणाऱ्याला पंचवीस वर्षांचा हुकमी गिऱ्हाईक मिळत होता. त्या बदल्यात अट अशी, की स्फटिकी सिलिकॉनची पॅनेल वापरायची असतील तर ती भारतात बनलेली हवीत. पुढच्या फेरीत सेलही भारतीयच हवेत असं ठरलं.

यात एक फट राहिली. ‘थिन फिल्म’ नावाच्या दुसऱ्या प्रकारच्या पॅनेलला ही अट नव्हती. अमेरिकेची एक्झिम बँक अमेरिकी माल घेणाऱ्यांना कमी व्याजाने कर्ज देत होती आणि अमेरिकेत थिन फिल्म बनवणारी मोठी कंपनी होती. जगात सगळीकडे स्फटिकी पॅनेलचा बोलबाला असताना भारतात थिन फिल्मचा वाटा भलताच फुगला. देशी सेलवाल्यांसाठी बांधलेल्या कुंपणातून परदेशी माल निवांत आत येत होता. तरीही फेब्रुवारी 2013 मध्ये अमेरिकेनेच जागतिक व्यापार संघटनेकडे भारताविरुद्ध तक्रार केली. आज उघडी असलेली फट उद्याही उघडी राहील याची तिला खात्री नव्हती.

तक्रारीचा पाया होता 1947 च्या गॅट या आंतरराष्ट्रीय व्यापार कराराचं तिसरं कलम. 1995 साली स्थापन झालेल्या जागतिक व्यापार संघटनेने तो करार जसाच्या तसा आपल्यात घेतला. कलमाचा आशय साधा आहे: परदेशी माल जकात भरून एकदा आत आला, की त्याला देशी मालापेक्षा वाईट वागणूक द्यायची नाही. सरकारी सवलत हवी असेल तर देशी मालच वापरा, ही अट तर या कलमाच्या भंगाचा पाठ्यपुस्तकी नमुना समजली जाते. करारात ‘हवामान’ हा शब्द कुठेही नाही. 1947 साली तो कुणाच्या डोक्यातही नव्हता.

कलमभंग उघड होता, म्हणून भारताची सगळी भिस्त अपवादांवर होती. पहिला अपवाद सरकारी खरेदीचा. सरकार स्वतःच्या वापरासाठी माल घेतं तेव्हा देशी मालाला झुकतं माप देता येतं. पण सरकार इथे घेत होतं वीज आणि अट घालत होतं पॅनेलवर. मेसचा डबा लावायचा आणि वरून म्हणायचं, की भात अमुकच कंपनीच्या कुकरमध्ये शिजला पाहिजे, त्यातला हा प्रकार. डबा तुम्ही विकत घेतलात, कुकर नाही. कॅनडाच्या ओंटारिओ प्रांताने सौर आणि पवनऊर्जेसाठी अशाच अटी घातल्या होत्या आणि मे 2013 मध्ये संघटनेच्या अपील मंडळाने त्या नेमक्या याच कारणाने अमान्य केल्या होत्या. भारत म्हणाला, सेलशिवाय सौर वीजच नाही, म्हणजे वीज घेणं हे एका अर्थी सेल घेणंच आहे. मंडळाने ऐकलं नाही. वीज आणि सेल बाजारात एकमेकांशी स्पर्धा करत नाहीत, इथे विषय संपला.

दुसरा अपवाद टंचाईचा. भारताचा मुद्दा मला आजही वजनदार वाटतो: देशात सेलचे कारखाने नगण्य आहेत, सगळं बाहेरून येतं, उद्या पुरवठा आटला तर काय? मंडळाने उत्तर दिलं, की टंचाई मोजताना आयात धरूनच मोजायची. माल बाहेरून मिळतो आहे ना? मग टंचाई कसली! पुढे 2020 च्या टाळेबंदीत आणि 2022 च्या युक्रेन युद्धात ‘बाहेरून मिळतो आहे’ या तीन शब्दांची किंमत युरोपसकट सगळ्यांनाच कळली. निकाल मात्र त्याआधीचा, सप्टेंबर 2016 चा.

तिसरा बचाव कायद्याच्या पालनाचा. संयुक्त राष्ट्रांचा हवामान करार, रिओची घोषणा, आपला वीज कायदा, राष्ट्रीय कृती आराखडा या सगळ्यांतून शाश्वत विकासाचं बंधन आमच्यावर येतं, ते पाळण्यासाठी ही अट, असं भारताने मांडलं. यावर उत्तर आलं, की आंतरराष्ट्रीय करार भारतात आपोआप कायदा होत नाहीत, आणि देशी दस्तऐवजांतला नेमका भाग धोरणाचा आहे, सक्तीचा नाही.

गंमत अशी, की पर्यावरणाचा खास अपवाद भारताने पुढे केलाच नाही. गॅटच्या विसाव्या कलमात माणसं, प्राणी आणि वनस्पती यांचं जीवित वाचवण्यासाठी एक उपकलम आहे आणि संपणारी नैसर्गिक साधनसंपत्ती राखण्यासाठी दुसरं. दोन्ही वकिलांसमोर होती. न वापरण्याचं कारण ओळखता येतं. पॅनेल गुजरातेत बनलं काय आणि मलेशियात बनलं काय, छतावर चढल्यावर ते कोळसा तेवढाच वाचवतं. उलट देशी माल महाग असेल तर त्याच पैशांत पॅनेल कमी बसतात. देशी सेलची अट हे उद्योगधोरण होतं. त्यात लाजण्यासारखं काही नाही, कारखाने प्रत्येक देशाला हवे असतात. पण हवामानाच्या नावाखाली ते खपवणं अवघड होतं. कायदा विचारतो तो एवढाच प्रश्न: पर्यावरणाचं काम आणि परक्या मालाला मारलेली मेख यांचा खरोखर संबंध आहे का?

हाच प्रश्न अमेरिकेलाही लागू होता. निकालाच्या त्याच महिन्यात भारताने उलट तक्रार ठोकली. वॉशिंग्टन, कॅलिफोर्निया, मिशिगन, मिनेसोटा धरून आठ राज्यं स्थानिक बनावटीची सौर सामग्री वापरणाऱ्यांना जास्तीचं अनुदान देत होती. वॉशिंग्टन राज्यात तर इन्व्हर्टर राज्यातच बनलेला असेल तर विजेला जादा मोबदला मिळे. जून 2019 मध्ये निवाडा भारताच्या बाजूने लागला. अमेरिकेने ऑगस्टमध्ये अपील केलं आणि प्रकरण तिथेच लटकलं, कारण डिसेंबरमध्ये अपील मंडळच बंद पडलं. सुनावणीला किमान तीन सदस्य लागतात. नव्या नेमणुका अमेरिका बरीच वर्षं अडवत होती आणि 10 डिसेंबर 2019 नंतर उरला एकच. खालच्या निवाड्यावर अपील करायचं आणि ते ऐकायला कुणी नाही, ही सोय तेव्हापासून हरणाऱ्या प्रत्येकाला उपलब्ध आहे. भारतानेही इतर प्रकरणांत ती वापरली आहे.

मग 2022 मध्ये अमेरिकेने स्वतःचा मोठा हवामान कायदा केला आणि त्यात देशी पोलाद-पॅनेल वापरणाऱ्यांना जादा करसवलत ठेवली. जून 2023 मध्ये भारत आणि अमेरिकेने सहा जुने तंटे आपसात मिटवले. सौर पॅनेलचे दोन्ही त्यातच गेले. दोघांच्याही घरी तोच उद्योग चालू असताना भांडायचं कशाला?

आता दरपत्रकातल्या ‘डीसीआर’कडे पुन्हा बघता येईल. सरकारी कंपन्यांनी स्वतःच्या वापरासाठी उभारलेल्या प्रकल्पांत ही अट बरीच सुरक्षित आहे, कारण तिथे खरेदी खरंच सरकारची असते. पण घरमालकाला पॅनेल घेण्यासाठी दिलेलं अनुदान? अनुदानांविषयीचा करार स्पष्ट म्हणतो, की देशी माल वापरण्याच्या अटीवर अनुदान देणं निषिद्ध आहे. माझ्या मते ही अट आजही लढवायला कठीण आहे. आजवर ती टिकली, कारण तक्रार करण्यात कुणाला रस नव्हता. आता आहे. चीनने 2025 मध्ये भारताविरुद्ध जिनेव्हात ओळीने तक्रारी केल्या: आधी बॅटऱ्या आणि विजेवरच्या गाड्यांच्या प्रोत्साहन योजनांवर, मग सौर अनुदानांवर. जगातल्या सौर पुरवठा साखळीचा प्रत्येक टप्पा ज्याच्या मुठीत आहे तो देश खुल्या स्पर्धेच्या कलमांचा आधार घेतो, हे पाहून दिल्लीत कुणी कपाळाला हात लावला असेल तर नवल नाही. तरी कलम तेच आहे.

दरम्यान या अटीने, 2022 पासूनच्या जबर जकातीने आणि मान्यताप्राप्त उत्पादकांच्या सरकारी यादीने मिळून आपलं काम केलं. यादीतल्या देशी कारखान्यांची पॅनेल जोडण्याची क्षमता 2025 मध्ये वर्षाला एक लाख मेगावॅटच्या पुढे गेली. सेलची क्षमता अजून तिच्या बरीच मागे आहे आणि चकत्यांची तर फारच.

इथपर्यंत भारत आरोपी होता. लढाईची दुसरी आघाडी युरोपात आहे, आणि तिची मुळं सापडतात कासवांत. कोळंबीच्या जाळ्यात समुद्री कासवं अडकून मरतात म्हणून कासव सुटायची झडप नसलेल्या जाळ्यांतली कोळंबी अमेरिकेने बंद केली. भारत, पाकिस्तान, मलेशिया आणि थायलंड यांनी मिळून तक्रार केली. 1998 मध्ये हे देश जिंकले, पण जिंकताना एक मोठी गोष्ट हरले. अपील मंडळ म्हणालं, कासव ही संपणारी साधनसंपत्तीच आहे आणि ती राखायला आयातीवर बंधन घालणं अपवादात बसू शकतं. अमेरिका चुकली ती वागणुकीत: कॅरिबियन भागातल्या देशांना तिने तयारीला तीन वर्षं आणि तांत्रिक मदत दिली, आशियाई देशांना चार महिने. अमेरिकेने पुढे वागणूक सुधारली आणि 2001 मध्ये मलेशिया हरला. हातात पडणारी वस्तू तीच असली तरी ती कशी मिळवली यावर आयातीची अट घालता येते, हे तेव्हा पक्कं झालं.

युरोपीय संघाची कार्बन सीमा यंत्रणा, म्हणजे ‘सीबॅम’, याच दगडावर उभी आहे. लोखंड-पोलाद, ॲल्युमिनियम, सिमेंट, खतं, हायड्रोजन आणि वीज युरोपात आणायची, तर ती बनवताना हवेत गेलेल्या कार्बन डायऑक्साइडची किंमत मोजायची, कारण युरोपातले कारखानेही ती मोजतात. ऑक्टोबर 2023 पासून फक्त माहिती द्यायची होती. जानेवारी 2026 पासून रकमेचा हिशेब सुरू झाला आहे. युरोपी कारखान्यांना मिळणारी फुकट उत्सर्जन-परवान्यांची सवलत 2034 पर्यंत टप्प्याटप्प्याने जाईल, तसतसा आयातीवरचा बोजा वाढेल. भारतात एक टन पोलादामागे सरासरी सुमारे अडीच टन कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो, कारण आपली झोतभट्टी आणि स्पंज आयर्न (खनिजातून न वितळवता काढलेलं लोखंड) दोन्ही कोळशावर चालतात. समजा युरोपातला कार्बनचा भाव टनाला 75 युरो असला आणि कुठलीच वजावट नसली, तर टनभर पोलादावर 185 युरोंच्या पुढे आकारणी होईल. एवढा बोजा पेलण्याइतका नफा पोलादाच्या धंद्यात क्वचितच असतो.

यादी मोठ्या कारखान्यांपाशी थांबत नाही. स्क्रू, नट आणि बोल्टही तिच्यात आहेत. चाकण किंवा सातपूरच्या एमआयडीसीत बोल्ट बनवणाऱ्याला जर्मन ग्राहक विचारतो, की तार कुठल्या भट्टीतली? पोलादाच्या बाबतीत तूर्त थेट उत्सर्जनच मोजतात, विजेचं नाही. त्यामुळे जालन्यातल्यासारख्या इंडक्शन भट्टीत भंगार वितळवून केलेलं पोलाद, भट्टीची वीज कोळशाची असली तरी, कागदावर बरंच स्वच्छ ठरतं. त्याच भट्टीत स्पंज आयर्न घातलं, की त्याचा सगळा कोळसा हिशेबात येतो. वर्षाला एकूण 50 टनांपेक्षा कमी माल आणणाऱ्या युरोपी आयातदाराला सूट आहे, पण नियमित निर्यातदाराला तिचा फारसा उपयोग नाही.

हे कायद्यात बसतं का? युरोप म्हणतो, देशी कारखान्याइतकंच मागतो आहोत, म्हणजे तिसरं कलम पाळलं. भारत म्हणतो, हवामान करारात श्रीमंत आणि गरीब देशांच्या जबाबदाऱ्या वेगळ्या ठरल्या होत्या, त्या तुम्ही सीमेवर सारख्या करून टाकल्या. त्याच 1992 च्या करारात एक वाक्य आहे, की हवामानासाठीचे उपाय मनमानी भेदभावाचं किंवा छुप्या व्यापारबंदीचं साधन होता कामा नयेत. शब्दरचना गॅटच्या विसाव्या कलमातली आहे, पण न्याय करायची ताकद तिच्यात नाही. रशियाने मे 2025 मध्ये सीबॅमविरुद्ध तक्रार केली आहे. तिचा निवाडा लागला तरी अपील मंडळ बंदच आहे, म्हणून भारताची खरी धडपड वाटाघाटींत चालते.

एक वाट युरोपच्या नियमातच आहे: मूळ देशात कार्बनची किंमत भरलेली असेल तर ती वजा होते. भारताने 2023 मध्ये कार्बन क्रेडिट व्यापार योजना अधिसूचित केली, आणि पोलाद कारखान्यांना तिच्यात आणलं जात आहे. तिथे कार्बनचा भाव नगण्य राहिला, तर वजावटही नगण्य, आणि उरलेला पैसा ब्रसेल्सकडे. भाव चढा ठेवला, तर पैसा देशात राहतो, पण मग घर बांधणाऱ्याच्या सळईचा दरही चढतो.