कागद खाणारी शाई

कल्पित जगांमध्ये जादूची शाई हमखास सापडते. लिहिलेलं आधी दिसत नाही, मग हळूहळू उमटतं, एकदा उमटलं की पुसता येत नाही आणि कधीतरी त्याची किंमत मोजावी लागते. त्या जगातले करार, शाप, राजाज्ञा सगळं या शाईच्या भरवशावर चालतं. मला या कल्पनेचं फार अप्रूप आहे, कारण हे चारही गुण असलेली शाई खरोखर होती. युरोपचा कित्येक शतकांचा लिखित व्यवहार तिनेच झाला. आणि तिचा मुख्य घटक आपल्या बाळगुटीत आहे: मायफळ.

मायफळ नुसतं नावाचं फळ. गांधीलमाशीची एक चिमुकली नातलग ओकच्या झाडाच्या कळीत अंडं घालते आणि झाड तिथे टणक गाठ धरतं. अळी त्या गाठीत वाढते, पंख फुटले की भोक पाडून उडून जाते. शाई करणारे बिनभोकाच्या गाठी पारखून घेत, कारण त्यांत टॅनिन जास्त. टॅनिन म्हणजे तुरटपणा. कडक चहा किंवा हिरडा जिभेला आवळून धरतो तो यामुळेच.

या गाठी कुटून पाण्यात भिजवायच्या आणि त्यात हिराकस, म्हणजे फेरस सल्फेट, घालायचा. वर थोडा डिंक. झाली शाई. ताजं लिहिलेलं मात्र फिकट दिसतं. फेरस लोह आणि टॅनिन यांचं संयुग जवळपास रंगहीन असतं आणि पाण्यात विरघळतं, म्हणून ते कागदाच्या तंतूंमध्ये मुरतं. मग हवेतला ऑक्सिजन लोहाला फेरिक करतो आणि तिथेच, तंतूंच्या आत, न विरघळणारा काळा रंग तयार होतो. अक्षर पिकतं म्हणा ना! लोखंडी कढईत आवळे काळे पडतात, तीही हीच क्रिया.

अदृश्य लेखनही यातलंच. इसवीसनापूर्वी तिसऱ्या शतकात बायझँटियमच्या फायलो या ग्रीक अभियंत्याने युक्ती लिहून ठेवली: मायफळाच्या पाण्याने मजकूर लिहा, वाळला की दिसणार नाही, मग धातूच्या क्षाराच्या पाण्यात भिजवलेला बोळा फिरवा. अक्षरं वर येतात. घरी करून पाहायचं तर व्हिनेगरमध्ये चार-पाच दिवस गंजके खिळे ठेवा आणि ते पाणी कडक कोऱ्या चहात ओता. चहा डोळ्यांदेखत काळवंडतो.

आता किंमत. हिराकस आणि टॅनिन यांच्या संयोगात सल्फ्युरिक आम्ल सुटतं आणि कागदाचे तंतू ज्याचे बनतात त्या सेल्युलोजच्या साखळ्या ते तोडतं. शिवाय हिराकस प्रमाणाबाहेर पडला असेल, तर उरलेलं मोकळं फेरस लोह सेल्युलोजचं ऑक्सिडीकरण वेगाने घडवत राहतं. आधी अक्षराभोवती तपकिरी कड येते, मग तडा जातो, शेवटी अक्षरच गळून पडतं आणि त्याच्या आकाराचं भोक उरतं. बर्लिनच्या राज्य ग्रंथालयातली जर्मन संगीतकार बाखची संगीत-हस्तलिखितं अशीच खंगली होती. तिथल्या काही पानांचे संवर्धकांनी दोन पापुद्रे वेगळे केले, मध्ये पातळ कागदाचा आधार घातला आणि पान पुन्हा जोडलं. हे काम करणाऱ्या हातांबद्दल मला नितांत आदर वाटतो.

आपली पारंपरिक काळी शाई काजळ आणि डिंकाची. काजळ म्हणजे कार्बन. तो कागदावर बसून राहतो, कागदाच्या वाट्याला जात नाही. मात्र पाणी लागलं की ती शाई फुटते. एकीला पाण्याचं भय, दुसरीचं भय कागदाला.

खाणाऱ्या शाईला आवरायचा उपाय धान्याच्या कोंड्यात सापडला. कोंड्यातलं आणि डाळींतलं फायटेट लोहाला घट्ट धरून ठेवतं. आपल्या आहारातलं लोह अंगी लागण्यात ते अडथळा आणतं ते यामुळेच, आणि कडधान्यांना मोड आणले की ते कमी होतं. जेवणात नडणारा हा गुण योहान नेव्हेल या डच शास्त्रज्ञाने १९९० च्या दशकात कागदासाठी कामाला लावला. जीर्ण पान कॅल्शियम फायटेटच्या द्रावणात बुडवायचं म्हणजे मोकळं लोह बांधलं जातं, मग कॅल्शियम बायकार्बोनेटने आम्ल मारायचं. लोह सुटं आहे की नाही हे पाहायला एक चाचणीची पट्टी मिळते. ती ओली करून अक्षरावर टेकवतात. गुलाबी झाली, तर शाई अजून खाते आहे.