लोहमार्ग, अमेरिकेतील (एकोणिसावे शतक)

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत साधारणपणे १८२६ पासून शतकाच्या अखेरीपर्यंत उभारले गेलेले लोहमार्ग. १८३० मध्ये देशात जेमतेम २३ मैल लोहमार्ग होता. १८४० मध्ये तो सु. २,८०० मैल, १८५० मध्ये सु. ९,०००, १८६० मध्ये सु. ३०,००० आणि १८८० मध्ये सु. ९३,००० मैल झाला. १९०० मध्ये ही लांबी १,९३,००० मैलांच्या आसपास होती. निरनिराळ्या संकलनांत हे आकडे थोडेफार बदलतात. कुठे वर्षअखेरची लांबी धरली आहे, कुठे जनगणनेच्या वेळची. शिवाय दुहेरी मार्ग आणि यार्डातले रूळ धरायचे की नाही, यावरही एकमत नाही. या पसाऱ्याला ‘जाळे’ म्हणण्याचा प्रघात आहे, परंतु १८८६ पूर्वीच्या काळासाठी तो शब्द जपूनच वापरावा. नकाशावर रेघा एकमेकींना मिळालेल्या दिसत असल्या, तरी एका मार्गावरची वाघीण (मालाचा डबा) पुढच्या मार्गावर जाईलच असे नव्हते, कारण दोन रुळांमधील अंतर सगळीकडे सारखे नव्हते.

प्रारंभ : अमेरिकेतील पहिला लोहमार्ग कोणता, हे ‘लोहमार्ग’ कशाला म्हणायचे यावर ठरते. जॉन स्टीव्हन्स यांना न्यू जर्सी राज्याने १८१५ मध्येच सनद दिली होती, पण त्या सनदेवर काही बांधले गेले नाही. १८२५ मध्ये त्यांनी होबोकेन येथील आपल्या आवारात वर्तुळाकार रुळांवर वाफेचे इंजिन चालवून दाखवले. ते प्रात्यक्षिक होते, वाहतूक नव्हे. मॅसॅच्यूसेट्समधील क्विन्सीचा ग्रॅनाइट लोहमार्ग (१८२६) बंकर हिलच्या स्मारकासाठी दगड वाहून नेण्याकरिता बांधला गेला. त्यावर घोडे जुंपत. पेनसिल्व्हेनियातील मॉक चंकच्या मार्गावर (१८२७) कोळशाच्या गाड्या उतारावरून आपोआप खाली येत आणि खेचरे त्या पुन्हा वर ओढून नेत. सार्वजनिक मालवाहतूक व प्रवासी वाहतूक ही कसोटी लावली, तर बॉल्टिमोर अँड ओहायो कंपनीला (सनद १८२७) अग्रमान द्यावा लागतो आणि बहुतेक अभ्यासकांचा कल तिकडेच आहे. तिची पायाभरणी ४ जुलै १८२८ रोजी चार्ल्स कॅरल यांच्या हस्ते झाली. स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही करणाऱ्यांपैकी तेव्हा हयात असलेले ते एकटेच होते. मे १८३० मध्ये एलिकॉट्स मिल्सपर्यंतचा सु. १३ मैलांचा टप्पा खुला झाला. पीटर कूपर यांचे ‘टॉम थंब’ इंजिन त्याच वर्षी या मार्गावर घोड्याशी शर्यत लावून हरले, ही कथा सर्वत्र सांगितली जाते. तिचा मुख्य आधार मात्र बऱ्याच वर्षांनंतर सांगितलेली आठवण हा आहे, त्यामुळे ती जपूनच स्वीकारावी.

इंग्लंडहून आणलेले ‘स्टुअरब्रिज लायन’ हे इंजिन होरेशिओ ॲलन यांनी ८ ऑगस्ट १८२९ रोजी होन्सडेल येथे चालवले. लाकडी तुळयांच्या त्या मार्गाला त्याचे वजन पेलणारे नव्हते, म्हणून ते बाजूला ठेवावे लागले. वाफेच्या इंजिनाने नियमित प्रवासी वाहतूक सुरू झाली ती दक्षिणेत, चार्ल्सटन येथे, २५ डिसेंबर १८३० रोजी. इंजिनाचे नाव ‘बेस्ट फ्रेंड ऑफ चार्ल्सटन’. पुढच्याच जूनमध्ये आगवाल्याने सुरक्षा झडप दाबून धरल्यामुळे त्याचा बाष्पक फुटला. हा मार्ग १८३३ मध्ये दक्षिण कॅरोलायनातीलच हॅम्बर्गपर्यंत १३६ मैल पोहोचला. त्या वेळी जगात इतका लांब सलग लोहमार्ग दुसरा नव्हता.

रूळ व गाडीची घडण : सुरुवातीचे रूळ म्हणजे लाकडी तुळईवर ठोकलेली लोखंडी पट्टी. चाकांच्या दाबाने पट्टीचे टोक उचकटले जाई आणि कधीकधी डब्याचा तळ फोडून आत घुसे; लोक त्याला ‘सापाचे डोके’ म्हणत. रॉबर्ट स्टीव्हन्स यांनी १८३० मध्ये सपाट तळाच्या रुळाचा आराखडा केला, आज जगभर दिसणारा रूळ त्याच घाटाचा आहे. कॅम्डेन अँड ॲम्बॉय मार्गावर त्यांनी दगडी ठोकळे बसवायला घेतले होते. ठोकळ्यांचा पुरवठा रेंगाळला, म्हणून खडीवर लाकडी स्लीपर घातले, आणि तेच अधिक चांगले ठरले. जॉन जर्विस यांनी १८३२ मध्ये इंजिनाच्या पुढे चार चाकांची फिरती बोगी बसवली. अमेरिकेतले मार्ग घाईने आणि कमी भांडवलात बांधलेले, वळणे तीव्र, भराव कच्चे. बोगीमुळेच त्यांवर वेग धरता आला.

गेजचा प्रश्न : दोन रुळांच्या आतल्या कडांमधील अंतर म्हणजे गेज. इंग्लंडहून इंजिने आणणाऱ्या उत्तरेकडील कंपन्यांनी बहुधा ४ फूट ८.५ इंच हे अंतर घेतले. त्याचा उगम रोमन रथांच्या चाकोऱ्यांत शोधण्याची लोकप्रिय प्रथा आहे, पण मधल्या शतकांचा अखंड पुरावा कोणी दाखवलेला नाही. जॉर्ज स्टीव्हन्सन यांनी ईशान्य इंग्लंडमधील कोळसा खाणींच्या गाडीमार्गांचे माप घेतले आणि लिव्हरपूल–मँचेस्टर मार्गाच्या वेळी चाकांना मोकळीक मिळावी म्हणून त्यात अर्धा इंच वाढला, एवढेच खात्रीने म्हणता येते.

दक्षिणेतील ५ फुटी गेजचा उगम अधिक वादाचा आहे. चार्ल्सटनच्या मार्गासाठी ते होरेशिओ ॲलन यांनी ठरवले, याबद्दल शंका नाही. का ठरवले याबद्दल आहे. एक मत असे, की चाकांच्या मध्ये यंत्रणेला जास्त जागा मिळावी हा त्यांचा हेतू होता. दुसरे असे, की पूर्णांकी माप सोयीचे वाटले. पहिले मत अभियंत्याच्या विचारपद्धतीला धरून आहे. उत्तरेच्या सैन्याला अडथळा व्हावा म्हणून दक्षिणेने मुद्दाम वेगळे गेज घेतले, हे मत मात्र टिकत नाही. निर्णय १८३० च्या सुमाराचा, उत्तर-दक्षिण यादवी युद्ध १८६१ चे. शिवाय क्विन्सीचा मार्गही ५ फुटीच होता. रशियात ५ फुटी गेज नेणारे जॉर्ज वॉशिंग्टन व्हिस्लर हे अमेरिकन अभियंते होते, परंतु त्यांनी दक्षिणेचे अनुकरण केले असे म्हणायला पुरेसा आधार नाही.

याखेरीज ईरी मार्ग ६ फुटी, ओहायोत व न्यू जर्सीत ४ फूट १० इंच, तर मेन राज्यात आणि कॅनडात ५ फूट ६ इंच असे प्रकार होते. हे शेवटचे माप म्हणजेच मराठी वाचकांच्या ओळखीचे ब्रॉडगेज. डलहौसी यांना भारतासाठी ६ फूट हवे होते, पण ईस्ट इंडिया कंपनीच्या संचालकांनी ५ फूट ६ इंच कायम केले आणि १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर–ठाणे गाडी त्यावरच धावली. भारतात निदान मुख्य मार्गांचे माप आरंभीच वरून ठरले. अमेरिकेत सनद राज्याची आणि भांडवल गावोगावच्या व्यापाऱ्यांचे असल्यामुळे प्रत्येक बंदराला आपल्या पाठच्या मुलखाचा माल आपल्याकडेच यावा असे वाटे. ईरी कंपनीच्या सनदेत तर शेजारच्या राज्यांतील मार्गांशी जोड घेण्यास मनाईच होती.

गेज बदलते तिथे माल उतरवून पुन्हा चढवावा लागे, प्रवाशांना गाडी बदलावी लागे. हमाल, गाडीवान, खानावळवाले यांचे पोट त्यावर चाले. पेनसिल्व्हेनियातील ईरी या गावी डिसेंबर १८५३ मध्ये कंपन्यांनी गेज एक करायला घेतले, तेव्हा गावकऱ्यांनी रूळ उखडले आणि पूल पाडले. ऐन हिवाळ्यात प्रवाशांना मधले काही मैल बर्फातून जावे लागे. गावकऱ्यांच्या या लढ्याची नंतर पुष्कळ टिंगल झाली. पण ज्याच्या दारातला धंदा एका रात्रीत जाणार, त्याची बाजू समजून घेतली पाहिजे.

यावर तात्पुरते उपाय निघाले : तिसरा रूळ टाकणे, डबा उचलून खालची बोगी बदलणे, किंवा चाकाची धाव रुंद ठेवून ४ फूट ८.५ इंच आणि ४ फूट १० इंच अशा दोन्ही मार्गांवर चालणारे ‘तडजोडीचे डबे’. हा शेवटचा उपाय धोक्याचा होता. १८ डिसेंबर १८६७ रोजी न्यूयॉर्क राज्यातील अँगोला येथे असाच एक डबा रुळावरून घसरून पुलाखाली कोसळला; सु. ५० माणसे दगावली, त्यांतील बहुतेक शेगडीतून लागलेल्या आगीत.

खंडपार मार्ग : १ जुलै १८६२ च्या कायद्याने पॅसिफिक लोहमार्गाला मंजुरी मिळाली आणि गेज ठरवण्याचे काम अध्यक्षांवर सोपवले गेले. लिंकन यांनी जानेवारी १८६३ मध्ये ५ फूट ठरवले, कारण कॅलिफोर्नियात तेच माप धरले होते. काँग्रेसने (अमेरिकेच्या संसदेने) ३ मार्च १८६३ रोजी कायदा करून ते ४ फूट ८.५ इंच केले. गेजच्या इतिहासात हा निर्णय १८६९ मध्ये मार्गाची दोन टोके जोडताना समारंभाने बसवलेल्या सोन्याच्या खिळ्यापेक्षा महत्त्वाचा मानावा, कारण त्यानंतर पश्चिमेतील मार्गांना दुसरे माप घेणे परवडेना.

युनियन पॅसिफिकने ओमाहाकडून १,०८६ मैल आणि सेंट्रल पॅसिफिकने सॅक्रामेंटोकडून ६९० मैल रूळ टाकले. १० मे १८६९ रोजी युटातील प्रॉमन्टरी समिट येथे दोन्ही टोके मिळाली. (प्रॉमन्टरी पॉइंट हे बऱ्याच पुस्तकांतले नाव चुकीचे आहे, ते ठिकाण दक्षिणेस सरोवराकाठी आहे.) हा मार्गही त्या दिवशी खऱ्या अर्थाने अखंड नव्हता. ओमाहाजवळ मिसूरी नदीवरचा पूल १८७२ मध्ये झाला. तोवर प्रवासी नावेतून नदी ओलांडत.

सेंट्रल पॅसिफिकचे सिएरा नेवाडातील बोगदे मुख्यतः चिनी मजुरांनी खोदले. त्यांतील शिखरावरचा बोगदा १,६५९ फूट लांब, कठीण ग्रॅनाइटमधला. मजुरांची संख्या १०,००० ते २०,००० यांदरम्यान सांगितली जाते. नेमका आकडा काढणे कठीण आहे, कारण वेतनपटात पुष्कळदा फक्त टोळीच्या मुकादमाचे नाव असे. जून १८६७ मध्ये त्यांनी पगार व कामाचे तास यांसाठी संप केला. कंपनीने शिधा तोडला आणि आठवड्याभरात संप मोडला. यांतील एकाही मजुराच्या हातचे पत्र किंवा रोजनिशी अद्याप मिळालेली नाही. ज्यांनी डोंगर फोडला त्यांचा शब्दच इतिहासाजवळ नाही, ही या विषयातील सर्वांत मोठी उणीव होय.

मैदानी प्रदेशात मार्ग शायेन, लकोटा यांच्या मुलखातून गेला. ऑगस्ट १८६७ मध्ये नेब्रास्कात प्लम क्रीकजवळ शायेन योद्ध्यांनी मालगाडी रुळावरून उतरवली. रुळांमुळे शिकारी आणि कातड्यांचे व्यापारी आले, आणि ज्यावर या जमातींचे सारे जीवन अवलंबून होते ते गव्यांचे कळप दोन दशकांत जवळजवळ संपले. केंद्र सरकारने लोहमार्ग कंपन्यांना दिलेली सु. १३ कोटी एकर जमीन बहुतांशी याच लोकांच्या वावराची होती.

१८८६ चे गेजांतर : ईरी मार्गाने १८८० मध्ये आणि इलिनॉय सेंट्रलने आपल्या दक्षिणेकडील भागात १८८१ मध्ये गेज बदलल्यावर ५ फुटी दक्षिण एकटी पडली. फेब्रुवारी १८८६ मध्ये अटलांटा येथे कंपन्यांची बैठक होऊन ३१ मे व १ जून हे दिवस ठरले. काही कंपन्यांनी काम एक-दोन दिवस आधी उरकले. नवे माप ४ फूट ९ इंच घेतले. पेनसिल्व्हेनिया मार्गाचे माप तेच होते आणि अर्ध्या इंचाचा फरक चाकांना सहज चालत असे. आधीच्या काही आठवड्यांत नव्या जागी आतले खिळे ठोकून ठेवले आणि जुन्या खिळ्यांतले शक्य तेवढे काढून घेतले. ठरल्या दिवशी पहाटेपासून टोळ्यांनी एकच रूळ ३ इंच आत सरकवून बाहेरचे खिळे ठोकले. इंजिने आणि वाघिणी यांची चाके आसावर आत सरकवणे हे अधिक कष्टाचे काम कारखान्यांत चालू होते. एकट्या लुइसव्हिल अँड नॅशव्हिल कंपनीने सु. ८,००० माणसे लावली. एकूण लांबी ११,५०० मैल की १३,००० मैल, याबाबत मतभेद आहे. आधी उरकलेले मार्ग धरल्यामुळे मोठा आकडा येत असावा.

इतर एकीकरण : १८ नोव्हेंबर १८८३ रोजी कंपन्यांनी आपणहून प्रमाणवेळेचे पट्टे स्वीकारले, केंद्रीय कायदा १९१८ मध्ये आला. वाघिणी जोडण्याच्या कडी-खिळ्याच्या पद्धतीत असंख्य कामगारांची बोटे गेली. जॅनी यांचा आपोआप जुळणारा जोड (१८७३) आणि वेस्टिंगहाउस यांचा हवेचा ब्रेक (१८६९) उपलब्ध असूनही २ मार्च १८९३ च्या कायद्यापर्यंत ते सक्तीचे नव्हते.

अर्थकारण व नियंत्रण : बँकर जे कुक यांची पेढी नॉर्दर्न पॅसिफिकच्या रोख्यांपायी सप्टेंबर १८७३ मध्ये बुडाली आणि मंदी आली. वेतनकपातीविरुद्ध जुलै १८७७ मध्ये मार्टिन्सबर्गपासून देशव्यापी संप झाला. शेतकऱ्यांच्या दरविषयक तक्रारींतून ४ फेब्रुवारी १८८७ चा आंतरराज्य वाणिज्य कायदा झाला.

अरुंद गेज : कोलोरॅडोच्या डोंगराळ भागात डेन्व्हर अँड रिओ ग्रँड कंपनीने १८७० नंतर ३ फुटी मार्ग टाकले. त्यांतील दुरँगो–सिल्व्हर्टन (१८८२) हा खाणीच्या मालासाठी बांधलेला फाटा कधीच रुंद केला गेला नाही. त्यावर आजही वाफेच्या इंजिनाने पर्यटकांच्या गाड्या चालतात.