नाटकाचा सेट करायला द्यायचाय? येण्याआधी एवढं वाचा

आमच्याकडे येणारी निम्मी मंडळी मोबाईलवर एक फोटो घेऊन येतात. "अस्सा वाडा हवाय." फोटो बहुतेक वेळा एखाद्या सिनेमातला असतो, नाहीतर मुंबईच्या व्यावसायिक नाटकाचा. आम्ही फोटो बघतो, चहा सांगतो आणि विचारतो, "तुमच्या नाटकात पडदा उघडल्यावर पहिल्यांदा आत कोण येतं? आणि कुठून?" मग दिग्दर्शक निर्मात्याकडे बघतो, निर्माता चहाकडे.

हे पत्रक त्या एका प्रश्नासाठी छापलं आहे. नाशिकला अंबड लिंक रोडकडच्या शेडमध्ये आम्ही सेट बांधतो. राज्य नाट्य स्पर्धेतल्या हौशी संस्था, एकांकिका करणारी कॉलेजची मुलं, शाळांची स्नेहसंमेलनं ही आमची मुख्य गिऱ्हाइकं. वाड्याचं चित्र आम्हाला काढता येतं. पण त्या वाड्यात कोण कुठून येतं-जातं हे तुम्हीच सांगायचं असतं. ते कळल्याशिवाय आम्ही लाकडाला करवत लावत नाही.

नेपथ्य पडद्यामागून पुढे आलं

संस्कृत नाटकात 'नेपथ्ये' असं लिहिलं असेल तर तो आवाज पडद्यामागून यायचा. नेपथ्य म्हणजे पडद्यामागची, नट सजतात ती जागा. मराठीत हा शब्द चालत चालत पुढे रंगमंचावर आला आणि सेटचं नाव झाला. संगीत नाटकांच्या काळात सेट म्हणजे रंगवलेले पडदे: राजवाडा, रस्ता, अरण्य, बाग. कोल्हापूरच्या आनंदराव आणि बाबूराव पेंटरांनी असे पडदे रंगवले आणि त्यांचं नाव झालं. पण पडदा कितीही देखणा असला तरी नट त्याच्यापुढे उभा राहायचा. चित्रातल्या दारातून आत येता येत नाही.

1933 साली 'नाट्यमन्वंतर' या नाट्यसंस्थेने 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक केलं तेव्हा रंगमंचावर भिंती, दारं असलेली खरीखुरी खोली उभी राहिली. त्यालाच आपण बॉक्स सेट म्हणतो. नट चित्रापुढून उठून घरात राहायला गेला म्हणा ना. आता घर म्हटलं की दारं आली. दार कुठे आहे त्यावर माणूस कसा दिसतो ते ठरतं.

एक साधं घरगुती नाटक घ्या. बाहेरचं दार मागच्या भिंतीत बरोब्बर मधोमध ठेवलं तर आत येणारा प्रत्येकजण प्रेक्षकांसमोर दणक्यात येतो. गावाहून वळकटी घेऊन येणाऱ्या आत्याबाईंना ते शोभतं. पण रात्री उशिरा चपला हातात धरून येणाऱ्या मुलाचं काय? त्याला बाजूचं दार हवं. म्हणजे तो प्रेक्षकांना आधी दिसेल आणि पेपर वाचत बसलेल्या बापाला नंतर. त्या दोन-तीन सेकंदांत हशा आहे. मधल्या दाराने तो हशा गेला, आणि मग तुम्ही आम्हाला म्हणणार, "सेट छान होता, पण सीन उठला नाही."

"आमचं बजेटच नाही, आम्ही सेटशिवाय करतो," असं सांगणारेही येतात. जरूर करा. 'घाशीराम कोतवाल'मध्ये 1972 साली ब्राह्मणांची रांगच भिंत झाली होती. ती वळायची, सरकायची, आड यायची. पण त्या माणसांच्या भिंतीची तालीम किती घोटलेली होती ते विसरू नका. रिकाम्या रंगमंचावरही येण्या-जाण्याचं गणित सुटत नाही, उलट जास्त उघडं पडतं.

पहिल्या भेटीला

संहिता आणा. तिच्यात प्रत्येक प्रवेश आणि प्रस्थान पेन्सिलीने अधोरेखित केलेलं असावं. दिग्दर्शकाला आणा, नुसता निर्माता आला तर पैशांचं बोलणं होतं, सेटचं होत नाही. प्रकाशयोजना करणारं माणूस ठरलं असेल तर त्यांनाही आणा. स्पर्धा असेल तर नियमावली आणा, कारण सेट लावायला आणि उतरवायला किती मिनिटं मिळतात यावर अर्धं डिझाइन ठरतं.

प्रयोग कुठे आहे तेही सांगा. कालिदास कलामंदिराचा रंगमंच वेगळा, परशुराम साईखेडकर नाट्यगृहाचा वेगळा. एकाच मापाचा सेट दोन्हीकडे सारखा बसत नाही. पुढे दौरा निघाला आणि तालुक्याच्या गावी प्रयोग लागले तर तिसरंच माप समोर येतं.

आणि कलाकारांची माहिती द्या. हे विचारलं की लोक हसतात. पण आजीची भूमिका करणाऱ्या बाईंचे गुडघे खरोखरच दुखत असतील तर अठरा इंची लेव्हल, म्हणजे रंगमंचावरचा लाकडी चौथरा, त्यांना एका पायरीत चढायला लावणं म्हणजे दर प्रयोगाला नवस बोलण्यासारखं. आम्ही पायरी सहा इंचांची करतो, सात म्हणजे डोक्यावरून पाणी.

बांधणी

भिंतीचा एकेक तुकडा म्हणजे फ्लॅट. लाकडी पट्ट्यांची चौकट, तिच्यावर मांजरपाट ताणून खळ मारायची किंवा पातळ प्लाय ठोकायचा. आठ बाय चारची सहा मिलिमीटर प्लायची शीट साधारण दहा-अकरा किलो भरते, चौकट धरून आणखी जड. कापडी फ्लॅट एका हाताने उचलता येतो, पण त्याच्यामागून कुणी घाईत गेलं की भिंत श्वास घेते. म्हणून आम्ही मिसळून वापरतो. जिथे दार आपटायचं आहे, कुणी टेकणार आहे, फोटो टांगायचा आहे, तिथे प्लाय. बाकी मांजरपाट.

दोन फ्लॅट जोडायला पिन निघणारी बिजागरी लागते. पिन ओढली की भिंत सुटी. खिळे ठोकून सेट लावणारे आजही आहेत. तिसऱ्या प्रयोगाला त्यांच्या चौकटीची चाळण झालेली असते.

बाजूच्या भिंती आम्ही काटकोनात उभ्या करत नाही, प्रेक्षकांच्या बाजूला फाकवतो. घरी अशी खोली असती तर वास्तुशास्त्रवाल्यांनी डोकं धरलं असतं. पण पहिल्या रांगेत अगदी कडेला बसलेल्या माणसालाही आतलं दिसलं पाहिजे. बाजूच्या भिंतीतलं दार बाहेरच्या अंगाला उघडतं आणि त्याची बिजागरी मागच्या कडेला असते, म्हणजे येणारा नट दाराच्या फळीआड जात नाही. दारामागे एक आडोसा लागतोच. नाहीतर दार उघडलं की दिवाणखान्यापलीकडे पाण्याची बाटली तोंडाला लावलेला खलनायक दिसतो.

आता आमची एक चूक सांगतो. सुरुवातीच्या काळात एका संस्थेसाठी दहा फुटी सलग फ्लॅट बांधले. नाशिकला प्रयोग झकास झाला. पुढचा प्रयोग तालुक्याच्या गावी होता. टेम्पो उभा केला, फ्लॅट उतरवले, आणि कळलं की सभागृहाचं मागचं दार जेमतेम सात फुटी. आडवा करून, तिरका करून, सगळं झालं, पण आतला बोळ वळणाचा होता. शेवटी अंगणातच करवत काढली. त्या संध्याकाळी कोकणातल्या घराला नाटकभर कपाळपट्टी नव्हती. तेव्हापासून आमचा मूळ फ्लॅट आठ फुटांच्या वर जात नाही. उंची हवी तर दोन फुटांचा वेगळा तुकडा वर बसतो. आणि मोजपट्टी घेऊन आधी सभागृहाचं दार मोजतो, मग रंगमंच.

"जुन्या नाशकात वाडा पाडतायत, तिथली खरी सागवानी चौकट मिळते, ती लावू या का?" असं अधूनमधून कुणीतरी विचारतं. आम्हीही असे वाडे बघायला जातो, पण मापं आणि फोटो घ्यायला. सागवानी चौकट उचलायला चार माणसं लागतात आणि पट्ट्यांच्या भिंतीत ती उभी केली की सगळी भिंत तिच्याबरोबर डुलते. आम्ही त्याच मापाची, त्याच कोरीव कामाची नक्कल हलक्या लाकडात आणि कागदाच्या लगद्यात करतो. सहाव्या रांगेपासून कुणालाही फरक कळत नाही.

थर्माकोल मागू नका. राज्यात 2018 पासून थर्माकोलच्या सजावटीवर बंदी आहे, आणि बंदी नव्हती तेव्हाही त्याचा कोपरा तुटला की आतला पांढरा दाणा दिव्याखाली चमकायचा.

रंग

भिंत पांढरीशुभ्र नको, हे आम्हाला दर महिन्याला कुणाला तरी समजवावं लागतं. पांढरी भिंत सगळा उजेड परत फेकते, नटाचा चेहरा तिच्यापुढे काळवंडतो. म्हणून 'पांढऱ्या' भिंतीत आम्ही थोडा पिवळा आणि थोडा माती रंग घालतो. शेडमध्ये ती मळकट दिसते. तुम्ही बघायला याल तेव्हा नाराज व्हाल, ते आम्हाला माहीत आहे. दिवे लागेपर्यंत थांबा.

रंगांचं आणि दिव्यांचं जमतंच असं नाही. हिरवी भिंत लाल उजेडात जवळजवळ काळी होते. निळी भिंत पिवळसर दिव्यांत मरते. म्हणून प्रकाशयोजनेचं माणूस पहिल्याच भेटीला हवं. उजेड कुठून येणार ते कळलं तर फळीच्या खाचेतली रंगवलेली सावली आम्ही बरोबर बाजूला काढू. खिडकी उजवीकडे आणि दारावरच्या उठावाची सावलीही उजवीकडे असली की प्रेक्षकाला काय चुकलं ते सांगता येत नाही, पण घर खोटं वाटत राहतं.

जुन्या भिंतीचा पोत आणायला लाकडाचा भुसा, फेविकॉल आणि रंग यांचं जाडसर मिश्रण फासतो. ओल आलेली भिंत, पोपडे, दिव्याच्या वरचा काजळीचा डाग, वर्षानुवर्षं डोकं टेकून तेलकट झालेली जागा, हे सगळं आम्हाला करायला फार आवडतं. याचे वेगळे पैसे लावत नाही. तो आमचा शौक आहे.

सोफा, जमीन आणि आग

घरचा सोफा आणू नका. तो खोल असतो. नट बसला की आत जातो, आणि "चालता हो इथून!" म्हणून ताडकन उठायच्या वाक्याला त्याला दोन्ही हात टेकून उठावं लागतं. आणायचाच असेल तर गादीखाली प्लाय टाकून देऊ.

लेव्हल आतून पोकळ असते, त्यामुळे चाललं की धपधप वाजते. गंभीर प्रसंगात हा आवाज नाटकाचा जीव घेतो. आम्ही आतून गोणपाट आणि वरून चटई लावतो. तरी तालमीत बूट घालून चालून बघा.

रंगमंचावर खरी ज्योत असेल तर ते आधी सांगा आणि नाट्यगृहाची परवानगी घ्या. ज्योतीजवळचं आणि दिव्यांजवळचं कापड आम्ही टाकणखार आणि बोरिक पावडरच्या पाण्यात भिजवून वाळवतो. त्याने ते सहजासहजी पेट घेत नाही. पण हे कापड धुतलं किंवा पावसात भिजलं की तो गुण गेला. टेम्पोवर ताडपत्री नव्हती असं नंतर फोनवर सांगू नका, लगेच सांगा. शक्यतो सगळीकडे विजेची समईच बरी.

शाळांसाठी वेगळं एक. स्नेहसंमेलन मैदानावर असेल तर फ्लॅट म्हणजे शीडच. डिसेंबरातल्या संध्याकाळचा वारा साधा वाटतो, पण आठ फुटी भिंतीला तो ढकलतो आणि पुढे तिसरीतली मुलं नाचत असतात. मैदानावर आम्ही बुटका सेट देतो, मध्ये फटी ठेवतो, मागे आधाराच्या तिरक्या पट्ट्या लावून त्यांवर वाळूची पोती टाकतो. "आणखी उंच करा" या मागणीला इथे आमचं उत्तर 'नाही' असंच असतं.

दिवस आणि पैसे

दोन अंकी नाटकाच्या सेटला आम्हाला एकवीस दिवस लागतात. पहिल्या आठवड्यात कागदावरचा आराखडा आणि पुठ्ठ्याचं छोटं मॉडेल होतं. हे मॉडेल तालमीच्या जागी न्या, जमिनीवर खडूने खऱ्या सेटच्या मापाच्या रेषा आखा आणि दोन दिवस त्यात हालचाली करून बघा. दार चुकलंय हे तिथेच कळेल. खडूचं दार पुसायला पैसे पडत नाहीत. लाकडाचं हलवायचं तर चौकट, फ्लॅट, रंग, सगळंच पुन्हा.

हालचाली सगळ्या बसवून झाल्यावर, प्रयोगाला आठ दिवस असताना आलात तर आम्ही सेट देऊ, पण तो तुमच्या नाटकाचा असेलच असं नाही. आमच्याकडे तयार फ्लॅट भाड्याने असतात, ते रंगवून मिळतील. एकांकिकेला बऱ्याचदा तेवढं पुरतंही.

अंदाजपत्रकात सामान, मजुरी, टेम्पो आणि प्रयोगाच्या दिवशीची दोन माणसं असं वेगवेगळं लिहून देतो. निम्मे पैसे मॉडेल पसंत पडल्यावर, उरलेले रंगीत तालमीच्या दिवशी. प्रयोगानंतर सेट तुमचा. ठेवायला जागा नसेल तर आम्ही तो विकत घेतो, अर्थात मोडीपेक्षा थोड्या बऱ्या भावाने. तुमच्या नाटकातलं स्वयंपाकघर पुढच्या वर्षी कुणाच्या तरी नाटकात पोलीस चौकी म्हणून दिसलं तर ओळख दाखवू नका.

शेड सकाळी दहापासून उघडी असते. नोव्हेंबर-डिसेंबरात स्पर्धेची गर्दी असते, म्हणून जुलै-ऑगस्टमध्येच संहिता वाचायला द्या. पावसाळ्यात रंग सावकाश वाळतो आणि आम्हालाही वाचायला वेळ असतो. रविवारी मात्र फोन करून या. रविवारी बहुधा आम्ही कुणाचा तरी सेट लावत असतो.