ब्रेसाँ, रॉबेर

ब्रेसाँ, रॉबेर : (२५ सप्टेंबर १९०१–१८ डिसेंबर १९९९). फ्रेंच चित्रपट-दिग्दर्शक व पटकथाकार. मूळचा चित्रकार. १९३४ मध्ये त्याने एक विनोदी लघुपट केला. १९४०-४१ मध्ये तो जर्मनांच्या युद्धकैदेत होता. १९४३ ते १९८३ या चाळीस वर्षांत त्याचे अवघे तेरा कथापट झाले.

पहिल्या दोन कथापटांत व्यावसायिक नटनट्या आहेत. दुसऱ्याचे संवाद फ्रेंच कवी व नाटककार झाँ कॉक्तोचे. बेर्नानोसच्या कादंबरीवरील ‘एका खेड्यातल्या पाद्र्याची रोजनिशी’ (१९५१) या चित्रपटापासून नट मागे पडू लागले. पुढे त्याने ‘नट’ हा शब्दच टाकला आणि ‘मॉडेल’ म्हणू लागला. मॉडेलला पात्राचे मन समजावून द्यायचे नाही. वाक्य एका पट्टीत, भार न देता म्हणवून घ्यायचे आणि त्यातला अभिनय झिजून जाईपर्यंत टेकवर टेक घ्यायचे. एकदा घेतलेला माणूस सहसा पुन्हा घ्यायचा नाही, कारण पडद्यावर स्वतःला पाहिले की तो स्वतःचीच नक्कल करू लागतो. झाँ-क्लोद गिल्बेर मात्र ‘ओ आझार बाल्ताझार’ (१९६६) आणि ‘मूशेत’ (१९६७) या दोन्हींत आहे. ‘बाल्ताझार’मध्ये मुख्य पात्र गाढव; तेसुद्धा न शिकवलेलेच हवे होते; पण सर्कशीत ते गणित सोडवते, त्या प्रसंगासाठी त्याला शिकवून तयार होईपर्यंत थांबावे लागले.

कॅमेऱ्याचे भिंग बहुधा ५० मिमीचेच, म्हणजे माणसाच्या नजरेच्या जवळचे. जे कानाने कळते ते डोळ्यांना दाखवायचे नाही, हा दुसरा नियम. त्याचा सर्वांत चोख वापर जर्मन ताब्याविरुद्ध लढणारा फ्रेंच प्रतिकारक आंद्रे दव्हिन्यी याच्या आठवणींवर आधारलेल्या, ‘मृत्युदंडाचा कैदी निसटला’ या तुरुंगातून पलायनाच्या चित्रपटात (१९५६) दिसतो. त्याचे चित्रीकरण लिआँच्या माँलूक तुरुंगातच झाले. सल्लागार खुद्द दव्हिन्यी. कैदी लोखंडी चमचा फरशीवर घासून पटाशी बनवतो, दाराच्या फळ्यांमधले मऊ लाकूड कोरतो, खाटेची तार आणि फाडलेले कापड वळून दोर करतो, कंदिलाच्या चौकटीतून आकडे काढतो. सुटकेच्या रात्री आगगाडी जात असतानाच खडीवर पाऊल टाकायचे, नाहीतर आवाज होतो. पहारेकऱ्याच्या सायकलीची करकर आधी ऐकू येते, सायकल मागाहून दिसते. शेवट शीर्षकातच सांगितलेला, तरी ताण सुटत नाही. या चित्रपटासाठी १९५७ मध्ये त्याला फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. ‘पिकपॉकेट’मध्ये (१९५९) हातचलाखी शिकवायला कासाजी हा जादूगार होता, तो पडद्यावरही दिसतो.

ही पद्धत उचलणाऱ्यांची फसगत ठरलेली असते. सपाट बोलणे तेवढे घेतले जाते, ध्वनी आणि संकलन सुटते. मग पडद्यावर नुसती मरगळ उरते. ब्रेसाँच्या चित्रपटात हात, दारे, पावले यांच्या जुळणीतून अर्थ येतो; चेहरा कोरा ठेवलेला असतो तो त्यासाठीच.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे कुमार शहानी यांनी ‘युन फाम दूस’ (१९६९) या त्याच्या पहिल्या रंगीत चित्रपटाला साहाय्य केले. तिथलेच मणी कौल यांच्या ‘उसकी रोटी’ या हिंदी चित्रपटातली संथ, भाररहित संवादफेक याच वळणाची.

१९७५ मध्ये त्याची चित्रपटकलेवरील टिपणे प्रसिद्ध झाली. टॉलस्टॉयच्या कथेवरील ‘लार्जां’ (१९८३) हा अखेरचा चित्रपट. त्यात ५०० फ्रँकची खोटी नोट हातोहात फिरत शेवटी खुनांपर्यंत पोचते. कान महोत्सवात त्याला आणि रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीला पारितोषिक विभागून मिळाले. बायबलातल्या उत्पत्तिकथेवर चित्रपट करायचे त्याने वर्षानुवर्षे मनात धरले होते. तो झाला नाही.